कमान, व्हॉल्व्ह आणि डेपो

१ फेब्रुवारी २०२५, शनिवार. जिनिंगच्या फाटकाबाहेर कापसाच्या गाड्यांची रांग लागली होती आणि माझ्या पुढे चौदा ट्रॅक्टर होते. टपरीवाल्याच्या मोबाईलवर बजेट चालू होतं. एरवी ते कोणी ऐकत नाही, पण यंदा कापसाचं काहीतरी निघणार अशी कुणकुण होती. निघालंही. कापसाच्या उत्पादकतेसाठी पाच वर्षांचं मिशन. 'मिशन' ऐकून दोघं-तिघं हसले आणि उठून गेले. मी बसून राहिलो, कारण उठून जाणार कुठे.

मग खालच्या पट्टीत एक आकडा सरकला. संरक्षण, ६.८१ लाख कोटी.

"यात सुन्य किती येतात बे?" शेजारच्या ट्रॅक्टरवरचा पोट्टा म्हणाला. कोणालाच पटकन सांगता येईना. त्यानं ट्रॉलीच्या फाळक्यावरच्या धुळीत बोटानं लिहायला घेतलं. नेमका आकडा ६,८१,२१० कोटी, म्हणजे ६८१२१ आणि पुढे आठ शून्यं. शेवटची दोन शून्यं कडीच्या खाली दाटीवाटीनं बसली. "आता याले ७,५२१ नं भाग," कोणीतरी म्हणालं. तो लांब धाग्याच्या कापसाचा त्या हंगामाचा हमीभाव. पोरानं भागाकार मांडला, थोडा वेळ पाहिला आणि तळहातानं सगळं पुसून टाकलं.

मी माझ्यापुरता सोपा भागाकार केला. ३६५ नं. रोजचे साधारण १,८६६ कोटी.

हा आकडा दिल्लीचा म्हणून सोडून देता आला असता. पण आमचं गाव वर्धा जिल्ह्यातल्या पुलगावच्या बाजूला आहे. पुलगावला सैन्याचा मध्यवर्ती दारूगोळा डेपो आहे, सात हजार एकरांच्या आसपास पसरलेला, देशातल्या सगळ्यात मोठ्यांपैकी एक. आम्ही त्याला नुसतं 'डेपो' म्हणतो. तार, झाडी, मधूनमधून पाटी आणि पाटीवर फोटो काढायला मनाई. आत काय आहे हे लहानपणापासून माहीत आहे आणि कधीच पाहिलेलं नाही. २६ जानेवारीला टीव्हीवर विमानं दिसतात, रणगाडे दिसतात. या विमानांच्या आणि रणगाड्यांच्या पोटात जे भरायचं, ते आमच्या पऱ्हाटीच्या धुऱ्यापलीकडे शेडमध्ये ठेवलेलं असतं. ते कधी परेडला येत नाही.

एकदाच आलं. ३० मे २०१६ च्या रात्री, मध्यरात्र उलटल्यावर. आधी खिडक्यांची तावदानं वाजली, मग भांडी. आई म्हणाली, भूकंप झाला. बाहेर येऊन पाहिलं तर आभाळ नारिंगी. आजूबाजूच्या गावांतून लोक अंगावरच्या कपड्यांनिशी, लेकरं खांद्यावर घेऊन रस्त्याला लागले. डेपोच्या त्या आगीत एकोणीस जण गेले. अधिकारी होते, जवान होते, आणि आग विझवायला आत शिरलेले अग्निशमन दलाचे कर्मचारी होते.

आमचे मोठेबाबा त्या रात्री गोठ्यासमोर खाटेवर बसून राहिले. हलले नाहीत. ते १९६५ ला सैन्यात गेले, आर्मी ऑर्डनन्स कोअरमध्ये. सिकंदराबादला ट्रेनिंग, मग चोवीस वर्षं देशभरच्या भांडारांत स्टोअरचं काम. गावातल्या पोरांना ते 'फौजी' म्हणून बंदुकीच्या गोष्टी विचारतात आणि निराश होतात. मोठेबाबांनी बंदुकीपेक्षा लेजर जास्त धरलं. अजून त्यांच्या घरी तुरीच्या कोठीवर खिळ्याला एक पुठ्ठा टांगलेला असतो, त्याला ते बिन कार्ड म्हणतात. तारीख, आत किती, बाहेर किती, शिल्लक किती, सही. मोठ्या आईनं डाळीसाठी दोन पायल्या काढल्या तरी नोंद. मोठी आई कार्डावर सही करत नाही, ती नुसतं 'काढली' म्हणून ओरडते आणि मोठेबाबा स्वतःच तिच्या वतीनं लिहितात.

बजेटच्या दिवशी कापूस मोजून झाल्यावर रात्री मी त्यांच्याकडे गेलो आणि विचारलं, एवढा पैसा जातो कुठे?

त्यांना आकड्याचं नवल नव्हतं. हिशेबाच्या कागदावर संरक्षणाचे चार भाग असतात, चार मागण्या. एक मंत्रालयाची मुलकी, एक महसुली, एक भांडवली, एक पेन्शनची. २०२५-२६ च्या आकड्यांचा रुपया केला तर त्यातले साधारण ४६ पैसे महसुलीत जातात, २४ पैसे पेन्शनमध्ये, चार मुलकीत, आणि नवीन सामान घ्यायला, म्हणजे भांडवलीत, राहतात २६. या २६ पैशांतलेही बरेच आधीच्या वर्षांत केलेल्या करारांच्या हप्त्यांत जातात. ट्रॅक्टर घेतलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही.

"आता मले सांग," मोठेबाबा म्हणाले, "गोळी कोनत्या डब्यात?"

मी म्हणालो, भांडवली. नवीन सामान ना.

"नाई. गोळी महसुलीत. रेशन, डिझल, कपडे, सुटे भाग, गोळी, सारं एकाच डब्यात, पगाराच्या संग. आता वर्षाच्या मधात पैसा कमी पडला. पगार रोकता येते का? नाई. रोटी रोकता येते का? नाई. तं मंग रोकाचं काय?" थोडं थांबले. "गोळी मोर्चा नाई काढत, बापू."

हे वाक्य डोक्यातून जाईना. नंतर मी जे मिळेल ते वाचत गेलो, तर त्यांचं म्हणणं सरकारी खर्च तपासणाऱ्या महालेखापरीक्षकांच्या अहवालांत जवळपास जसंच्या तसं सापडलं, फक्त सरकारी भाषेत. नियम असा की तुंबळ लढाई झाली तर चाळीस दिवस पुरेल इतका दारूगोळा राखीव असावा. निदान वीस दिवसांचा तरी असायलाच हवा. २०१५ साली संसदेत ठेवलेल्या अहवालानुसार मार्च २०१३ ला निम्म्या प्रकारांचा साठा दहा दिवसांनाही पुरणारा नव्हता. दोन वर्षांनी पुन्हा मोजणी आली. सप्टेंबर २०१६ ला १५२ प्रकारांपैकी ६१ प्रकार दहा दिवसांच्या आत. त्याच सप्टेंबरात उरीवर हल्ला झाला. मग धावपळ झाली आणि उपसेनाप्रमुखांना तातडीच्या खरेदीचे अधिकार दिले गेले. २०२० च्या अहवालात पुन्हा तोच सूर होता, या वेळी सियाचीनसारख्या उंचीवरच्या जवानांचे बूट आणि बर्फातले चष्मे यांबद्दल.

म्हणजे विमानाची चर्चा देशभर होते, आणि बुटाचा तुटवडा ऑडिटवाल्याला सापडतो.

इथे मला आमच्या गावाची कमान आठवते. माझी त्यात सही आहे, म्हणून सांगतो. मी पाच वर्षं ग्रामपंचायतीचा सदस्य होतो. एका वर्षी आमदारांच्या माणसानं निरोप दिला की पंचवीस-पंधरामधून, म्हणजे गावातल्या कामांच्या सरकारी निधीतून, काहीतरी देता येईल, लवकर ठराव पाठवा. मासिक सभेत दोन गोष्टी आल्या. एक, गावाच्या तोंडाशी कमान. दुसरी, पाण्याच्या टाकीचा मुख्य व्हॉल्व्ह आणि खालची पाईपलाईन, जी तीन ठिकाणी सायकलच्या ट्यूबनं बांधलेली होती. टाकीला आठ मिनिटं मिळाली असतील. कमानीवर दीड तास चर्चा झाली, तिच्यावर कोणाचं नाव, कोणता रंग, वर कळस की सिंह. मी हात वर केला तो कमानीसाठी. त्या वेळी मला त्यात काहीही वावगं वाटलं नाही. कमान रस्त्यावरून दिसते. व्हॉल्व्ह खड्ड्यात असतो, त्यावर झाकण असतं.

दोन वर्षांनी एप्रिलमध्ये व्हॉल्व्हची चकती आतून गळून पडली. अकरा दिवस गावात टँकर. बायका पाण्याचे गुंड घेऊन कमानीखालीच उभ्या राहायच्या, कारण सावली तिथेच होती.

दिल्लीत बसलेला माणूस आपल्यापेक्षा काही वेगळा नसतो, इतकंच मला त्यातून कळलं. त्याचीही मासिक सभा मोठी असते.

ती सभा कशी चालते तेही पाहण्यासारखं आहे. पाच वर्षांची संरक्षण योजना करायची शिस्त आपल्याकडे १९६२ च्या पराभवानंतर लागली. यशवंतराव चव्हाण दिल्लीला गेले, 'हिमालयाच्या मदतीला सह्याद्री' हे आपण शाळेपासून ऐकतो. भाषणांत सह्याद्री येतो, पण १९६४ पासून सुरू झालेली पहिली पाच वर्षांची संरक्षण योजना कोणी सांगत नाही. माझ्या मते सह्याद्रीनं केलेलं खरं काम ते होतं.

दरवर्षीचा क्रम मात्र आपल्या ग्रामपंचायतीच्या आराखड्यासारखाच. खालून मागण्या वर जातात. तुकडी, कमांड, मुख्यालय. वर अर्थ मंत्रालयानं आधीच मर्यादा आखलेली असते. आमच्या ग्रामसभेत लोक चाळीस कामं सांगतात आणि पैसा सहा कामांचा असतो. तिथेही मागितलेलं आणि मिळालेलं असे दोन रकाने असतात. संरक्षणाची संसदीय स्थायी समिती आपल्या अहवालांत हे दोन्ही रकाने शेजारी-शेजारी छापते. १९९३ पासून अशा समित्या आहेत. ३१ खासदार असतात, सगळ्या पक्षांचे, आणि सभागृहात एकमेकांवर धावून जाणारे तिथे बऱ्यापैकी कामाचं विचारतात. टीव्ही नसल्याचा हा फायदा असावा.

मोठी खरेदी असेल तर वाट आणखी लांब. आधी 'गरज आहे' हे मान्य व्हायला हवं. ते काम संरक्षणमंत्र्यांच्या अध्यक्षतेखालची परिषद करते, कारगिलनंतर २००१ साली नेमलेली. मग निविदा, चाचण्या, भावाची घासाघीस, प्रत्येक पायरीवर वित्त विभागाचा सल्लागार, आणि रक्कम फार मोठी असेल तर शेवटी पंतप्रधानांची सुरक्षाविषयक मंत्रिसमिती. मोठेबाबा या सल्लागारांना एका शब्दात 'फायनान्सवाले' म्हणायचे, आणि तो शब्द उच्चारताना त्यांचा चेहरा आमच्या ग्रामसेवकाचं नाव घेतल्यावर सरपंचाचा होतो तसा व्हायचा.

आणि लोकसभा? राज्यघटनेचं ११३ वं कलम सांगतं की मागण्या लोकसभेपुढे ठेवायच्या. लोकसभेनं त्या मंजूर कराव्यात, नाकाराव्यात किंवा कमी कराव्यात. त्यात एक गंमत मला फार आवडते. कोणाही खासदाराला एखादी विशिष्ट तक्रार मांडायची असेल तर तो म्हणू शकतो, या मागणीतून शंभर रुपये कमी करा. फक्त शंभर. ६.८१ लाख कोटींतून शंभर रुपये गेले तर कोणाचं काही अडत नाही, पण त्या शंभर रुपयांच्या निमित्तानं मंत्र्याला उभं राहून उत्तर द्यावं लागतं. रांगेतल्या त्या पोराला मी हे सांगितलं तर तो म्हणाला, "मंग लावत काऊन नाई?"

लावतात. पण चर्चा दोन-चार मंत्रालयांच्या मागण्यांवर होते आणि शेवटच्या दिवशी उरलेल्या सगळ्या एका झटक्यात मताला टाकतात. त्याला गिलोटिन म्हणतात. त्यात शंभर रुपयांची ती सूचना कुठे राहणार. १४ मार्च २०१८ ला तर गोंधळात सगळ्याच मंत्रालयांच्या मागण्या आणि वित्त विधेयक अर्ध्या तासाच्या आसपास चर्चेविना मंजूर झालं. आमच्या कमानीला दीड तास लागला होता.

म्हणून खरा हिशेब मागाहून होतो. महालेखापरीक्षक तपासतो, परिच्छेद काढतो, अहवाल संसदेत जातो आणि तिथे लोकलेखा समिती अधिकाऱ्यांना बोलावते. बावीस सदस्य, आणि १९६७ पासूनच्या प्रथेनं अध्यक्ष विरोधी पक्षाचा. आपल्याकडे विधिमंडळाची पंचायत राज समिती येते तसंच. ती येणार म्हटलं की जिल्ह्यात चुना, रांगोळी, आणि सहा वर्षं जुन्या लोकल फंडच्या, म्हणजे सरकारी ऑडिटच्या, आक्षेपांचं अनुपालन एका रात्रीत. आमच्यावरही एक आक्षेप होता. मोटारीच्या दुरुस्तीचं बिल, रक्कम साडेचार हजार. त्याचं उत्तर पाच वेळा लिहिलं.

त्या साडेचार हजारांचा परिणाम मात्र सांगायला हवा, कारण इथे माझं मत थोडं बदललं. आक्षेप निघाल्यावर आमच्या ग्रामसेवकानं वर्षभर एकाही दुरुस्तीच्या बिलावर सही केली नाही. खर्चच केला नाही तर आक्षेप निघत नाही. पैसा खात्यात पडून, आणि पाईपला सायकलची ट्यूब.

तोफांचं असंच झालं. १९८६ ला ४१० बोफोर्स तोफांचा करार झाला. पुढचं सगळ्यांना माहीत आहे, दलालीचे आरोप झाले आणि सरकार गेलं. त्यानंतर परदेशातून नव्या तोफांचा करार झाला तो नोव्हेंबर २०१६ ला, १४५ हलक्या हॉवित्झरचा. मध्ये तीस वर्षं. मध्ये कारगिल. त्या तीस वर्षांत चाचण्या झाल्या, निविदा निघाल्या, रद्द झाल्या, कंपन्या काळ्या यादीत गेल्या. पैसा नव्हता म्हणून झालं असं नाही, सही करायला हात उठत नव्हता हेही होतं. हिशेब मागणाऱ्यांत मी आहे आणि राहीन, पण सही करणाऱ्याला ढेकळाखाली विंचूच दिसणार असेल तर तो ढेकूळ उचलणारच नाही, हे मी ग्रामपंचायतीत पाहिलेलं आहे.

गुपिताचं म्हणाल तर मला ती अडचण वाटत नाही. राफेल खरेदीचा अहवाल फेब्रुवारी २०१९ ला आला तेव्हा त्यात किमतीचे आकडे झाकलेले होते. ठीक आहे, झाका. डेपोत कोणत्या शेडमध्ये किती पेट्या आहेत हे मला कळूही नये. पण एखादी फाईल एका टेबलावर किती महिने होती, यात शत्रूच्या कामाचं काय आहे?

पेन्शनबद्दल मात्र लोक फार सहज बोलतात. २४ पैसे पेन्शनमध्ये, म्हणजे पैसा वाया, असं म्हणणारे भेटतात. ते २४ पैसे आमच्या गावात काठी टेकत चालतात. नोव्हेंबर आला की मोठेबाबा हयातीच्या दाखल्यासाठी माझ्या मोटारसायकलवर मागे बसतात. पेन्शन आता 'स्पर्श' नावाच्या प्रणालीवर गेली आहे. मशीन बोटाचा ठसा घेत नाही, कारण आयुष्यभर पेट्या उचलून आणि नंतर डवरे धरून बोटाच्या रेघा गेल्या आहेत. तीन बोटं होतात, चौथं लागतं. ऐंशी पूर्ण झाली की मूळ पेन्शन वीस टक्क्यांनी वाढते, त्यांना काही महिने बाकी आहेत. "सरकारच्या बजेटले माह्या श्वासाचा भार आहे," असं ते बँकेत मोठ्यानं म्हणाले तेव्हा कॅशियरही हसला.

हा भार हलका करायलाच २०२२ ला अग्निपथ आणलं, हे सरकार तसं उघडपणे म्हणत नाही, पण २४ पैशांकडे पाहिलं की कळतं. पहाटे साडेचारला आमच्या रस्त्यावर पोट्टे धावतात. चार वर्षं, मग चारांतला एक कायम, बाकी तिघं सेवानिधीचे ११.७१ लाख घेऊन परत. पेन्शन नाही. रांगेत शून्यं लिहिणारा पोरगाही त्यांच्यात धावतो. मी त्याला काही सांगितलं नाही. तो स्वतःच म्हणाला, "अकरा लाखात बोअर, मोटर नं दोन म्हशी. बाकीचं पाहू."

आणखी एक गोष्ट गावाला सांगितली तेव्हा लोकांना नवल वाटलं. आपण ज्याला 'पंधरावा' म्हणतो, पंधरावा आला का, पंधराव्यातून नाली करून घेऊ, २०२१ ते २०२६ साठी त्यातले साठ टक्के बंधित (ठरलेल्या कामांसाठीच) आणि चाळीस अबंधित होते, तोच पंधरावा वित्त आयोग. त्याच अहवालात त्यानं सैन्यासाठीही शिफारस केली होती. संरक्षण आणि अंतर्गत सुरक्षेच्या आधुनिकीकरणासाठी न संपणारा निधी असावा, २०२१ ते २०२६ या पाच वर्षांत २.३८ लाख कोटींचा. न संपणारा म्हणजे ३१ मार्चला परत न जाणारा. सरकारनं तत्त्वतः मान्य केलं. 'तत्त्वतः' या शब्दाचा अर्थ ग्रामपंचायतीत काम केलेल्या कोणालाही विचारा. मार्च एंडची घाई काय असते हे मोठेबाबांनी भांडारात पाहिलं होतं. फेब्रुवारीपर्यंत मागणी करून न मिळालेलं सामान मार्चच्या शेवटच्या आठवड्यात ट्रकनं यायचं, आणि त्यात न मागितलेलंही असायचं.

आणि आलेलं सामान जुनंही होतं. बजेटचं वर्ष संपतं, गोळ्याचं वय तिथून सुरू होतं. मुदत संपलेला दारूगोळा नष्टही करावा लागतो, आणि त्या कामाला कॅमेरे येत नाहीत. २० नोव्हेंबर २०१८ ला आमच्याच भागात तो नष्ट करताना स्फोट झाला. सहा जण गेले, त्यांत शेजारच्या गावांतले मजूर होते. त्यांच्यातल्या एकाच्या घरी मी तेराव्याला गेलो होतो. भिंतीला नवा फोटो आणि दारात चपलांचा ढीग, त्यापलीकडे काही बोलण्यासारखं नव्हतं.

यंदा पावसाळ्याआधी टाकीचा व्हॉल्व्ह बदलला. मी आता सदस्य नाही, पण मोठेबाबांच्या सांगण्यावरून एक पुठ्ठा कापून, प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून, तारेनं व्हॉल्व्हच्या चाकाला बांधला. मोठेबाबांनी स्वतः रकाने आखले. तारीख, ग्रीस, गळती आहे की नाही, सही. पाणी सोडणाऱ्याला पंधरा दिवसांनी भरायला सांगितलं. त्यानं मान डोलावली.

काल झाकण उचलून पाहिलं. तीन ओळी भरलेल्या होत्या, चौथी कोरी. मी पेन काढला, मग परत खिशात ठेवला आणि त्याच्या घराकडे निघालो.